बेल वाजली की किचनमध्ये

दारावरची बेल वाजली की काका उठायचे. गडबड अजिबात नाही. चहाचा कप उचलायचे, चष्मा शर्टाच्या खिशात टाकायचे आणि "निघाले पाहुणे आत" असं स्वतःशीच म्हणत किचनमध्ये जाऊन दार लोटून घ्यायचे. बाहेर पार्सलवाला असो नाहीतर पत्ता चुकलेलं कुणी, बाहेरचं दार पुन्हा बंद झाल्याचा आवाज येईपर्यंत ते ओट्याशी उभे. मी पहिल्यांदा त्यांच्याकडे गेले तेव्हा माझ्यामुळेही ते आत गेले होते. "बाबा, या बाहेर, मराठीच आहेत," असं सुनेनं सांगितल्यावर आले, मला नमस्कार केला आणि म्हणाले, "मी इथं नाहीये बरं का."

बॉनमधल्या आमच्या इमारतीत मी वरच्या मजल्यावर राहते. नवरा जर्मन, त्यामुळे मराठी बोलायला जिना उतरावा लागतो. माझ्या खालच्या मजल्यावर काकांचा मुलगा, सून आणि दुसरीतली नात. मुलगा-सून दोघंही सॉफ्टवेअरमधली, पुण्याची. हे घर मिळायला त्यांनी वर्षभर वणवण केली होती. घरमालकीण तळमजल्यावरच राहते. पाहुणा दीडेक महिन्याहून जास्त राहणार असेल तर तिला सांगायचं, एवढीच तिची अट. सांगितलं असतं तर विषय मिटला असता. पण तुम्हीही पाहिलं असेल, आपली माणसं परदेशात घरमालकाला जितकी भितात तितकी पोलिसालाही भीत नाहीत. बाबा तीन महिन्यांच्या व्हिसावर येणार म्हटल्यावर मुलानं न सांगायचं ठरवून टाकलं. "आल्झो बाबा," त्यानं इथल्या सवयीनं जर्मनमधल्या 'तर'नं सुरुवात केली, "बेल वाजली की तुम्ही किचनमध्ये. उगाच रिस्क नको. हे घर गेलं तर दुसरं मिळणार नाही." बाबांनी मान हलवली आणि नियम पाळला.

मी त्यांना काका म्हणायचे. सांगलीकडचे. वीज खात्यात मीटर रीडर म्हणून निवृत्त झालेले. बायको आदल्या वर्षी गेली होती. तिकडे घराला कुलूप लावून आले होते आणि किल्ली शेजाऱ्यांकडे न देता बरोबर घेऊन आले होते, याची सुनेला जरा गंमत वाटायची.

दुपारी नात शाळेतून आली की दोघं मिळून एक मालिका बघायचे. जुनी अमेरिकन, जर्मनमध्ये डब केलेली. एका साध्या कुटुंबाकडे परग्रहावरून एक केसाळ प्राणी येऊन पडतो आणि तिथंच राहतो. शेजाऱ्यांना कळू नये म्हणून घरचे त्याला लपवत फिरतात. काकांना जर्मनचं अक्षर येत नव्हतं. नातीला मराठी कळायचं, पण उत्तर ती जर्मनमध्ये द्यायची. तरी दोघांचं कुठं काही अडलेलं मी पाहिलं नाही. काका विचारायचे, "आता साहेब का चिडले?" ती जर्मनमध्ये लांबलचक काहीतरी सांगायची. काका म्हणायचे, "मग बरोबर आहे त्यांचं."

साहेब म्हणजे त्या घरातला बाप. मालिकेतल्या कुणाचंही खरं नाव काकांनी कधी घेतलं नाही. सगळ्यांना त्यांनी नात्यात बसवलं होतं. आई म्हणजे वहिनी. मोठी मुलगी ताई, धाकटा मुलगा बंड्या. त्या केसाळ प्राण्याला मात्र आदरानं पाहुणे. "पाहुण्यांनी आज पुन्हा स्वयंपाकघर पेटवलं," हे ते मला जिन्यात गंभीरपणे सांगायचे. खिडकीतून डोकावणारी एक शेजारीण होती. "त्या तुम्ही," असं त्यांनी मला तोंडावर सांगितलं. मला ते फारसं आवडलं नव्हतं, पण दुसऱ्या दिवशीही मी खाली गेलेच.

मालिकेबद्दल त्यांचं स्वतःचं मत होतं. "लोक हसतात पाहुण्यांना. पण तुम्ही वहिनींकडे बघा. स्वयंपाक कोण करतंय, पसारा कोण आवरतंय? साहेब भला माणूस आहे, पण त्याच्या हातात काही नाही. वहिनी ज्या दिवशी बास म्हणतील त्या दिवशी मालिका बंद." हे ते ऐन हॉलमध्ये बोलायचे. एका कोपऱ्यात सून लॅपटॉपपुढे मीटिंगमध्ये असायची. तिचा माइक बंद असायचा, कान उघडे. ती वर बघायची नाही.

सून वाईट नव्हती, हे मी सांगून टाकते. सकाळी त्यांचं जेवण झाकून ठेवायची, औषधं काढून ठेवायची. पण बोलणं कामापुरतं. हॉलमध्ये रात्री त्यांची गादी पडायची आणि सकाळी सून उठायच्या आत गादी गुंडाळलेली असायची. दोघंही एकमेकांना त्रास होऊ नये म्हणून इतके जपून वागायचे की बघणाऱ्याला अवघडल्यासारखं व्हायचं.

एकदा काकांनी नातीला विचारलं, "वहिनी पाहुण्यांना कधी 'राहा' म्हणाल्या का गं?"

"वाइस निष्ट, आजोबा," ती म्हणाली. माहीत नाही.

काका माझ्याकडे वळले. "बघितलंत? राहू कुणीही देतं हो. 'राहा' म्हणत नाही कुणी. परत जाताना एकदा कुणी 'पुन्हा या' म्हणालं म्हणजे झालं. मुलाला विचारलं होतं मी, पुन्हा येऊ का म्हणून. तो म्हणाला, घरमालकीण आहे ना बाबा, दरवेळी असं लपवणं जमायचं नाही." हे त्यांनी हवापाण्याबद्दल बोलावं तसं सांगितलं. मला वाईट वाटलं.

मग हीटिंगचं रीडिंग घेणारा माणूस आला. आमच्याकडे अजून जुने मीटर आहेत, खोलीखोलीत जाऊन आकडे बघावे लागतात. इमारतीच्या खालच्या दारावर तशी चिठ्ठी लागली होती. मुला-सुनेच्या ती लक्षात आली नाही, दोघंही त्या दिवशी ऑफिसात. माझ्याकडचं रीडिंग झालं आणि घरमालकीण त्याला घेऊन खाली निघाली. मीही मागोमाग निघाले, कारण आत कोण आहे ते मला ठाऊक होतं.

बेल वाजली. उत्तर नाही. पुन्हा वाजली. रीडिंगवाल्यानं सुस्कारा टाकला. चांगला जाडजूड, घामाघूम झालेला माणूस. परत यावं लागणार, असं तो पुटपुटला. तेवढ्यात कडी निघाली आणि दार सताड उघडलं.

"या, या," काका मराठीत म्हणाले. "सगळ्या खोल्या उघड्या आहेत. कुत्रा नाही."

रेडिएटरसमोरच्या खुर्च्या त्यांनी आधीच बाजूला ओढून ठेवल्या होत्या. त्या माणसाला बसायची खूण केली, पाणी दिलं. तो बिचारा गोंधळून सगळं पाणी प्यायला. नंतर काकांनी मला सांगितलं, "दाराच्या भोकातून बॅग दिसली, हातातलं यंत्र दिसलं. रीडिंगवाला बाहेर उभा आणि मी आत श्वास रोखून उभा? सगळ्या नोकरीत लोकांनी माझ्याशी हेच केलं हो. नाही राहवलं."

भोकातून त्यांना घरमालकीण दिसली नव्हती. ती आता पुढं आली. काकांचा चेहरा उतरला.

"ताई, यांना सांगा," ते घाईघाईनं मला म्हणाले, "मी आजच आलोय म्हणून. नको, खोटं नको. सांगा की मुलाची चूक नाही. मी जातो. पण घर काढून घेऊ नका म्हणावं. पाया पडतो."

मी भाषांतर करणार तेवढ्यात घरमालकिणीनं दाराबाहेर बोट दाखवलं. तिथं नेहमीप्रमाणे, पायपुसण्याशेजारी, काकांच्या कोल्हापुरी चपला होत्या. बेल वाजली की माणूस शिस्तीत आत लपायचा आणि चपला बाहेर जिन्यात. घरातल्या तिघांनाही त्यात काही चुकतंय असं वाटलं नव्हतं, आणि खरं सांगायचं तर मलाही नाही.

"या यांच्याच ना?" घरमालकिणीनं विचारलं. "पहिल्या आठवड्यापासून बघतेय. ओळख कधी करून देतात याची वाट बघत होते. त्यांना म्हणावं, खुशाल राहा. पुढच्या वर्षीही या. पण चपला आत. हाउसऑर्डनुंग आहे, इमारतीचा नियम."

मी सांगितलं. काका खुर्चीवर बसले. म्हणाले, "म्हणजे मी इतके दिवस किचनमध्ये कशाला उभा होतो?"

संध्याकाळी मी मुला-सुनेला सगळं सांगितलं. मुलगा हसला, सुटल्यासारखं हसला. सून टेबल आवरायला लागली. घरमालकिणीची सबब आता उरली नव्हती, आणि हे त्या घरात सगळ्यांच्या लक्षात आलं होतं. काका मात्र पुन्हा काही विचारायला गेले नाहीत. राहिलेले दिवस तसेच गेले.

जायच्या दिवशी टॅक्सी खाली उभी होती. मुलगा बॅगा घेऊन उतरला. सून मीटिंगमध्ये. काकांनी तिच्याकडे बघून लांबूनच हात जोडले आणि जिन्यात आले. मी तिथंच होते. तेवढ्यात आतून ती आली, कानांवर हेडसेट तसाच. मीटिंग चालू ठेवून उठली होती.

"बाबा, पुढच्या वर्षी या," ती म्हणाली. "ह्यांना विचारू नका. मी बोलावतेय."

काका कठडा धरून खाली उतरायला लागले. वळणावर थांबून हळूच मला म्हणाले, "वहिनी बोलल्या."

या वर्षी तिनं अडगळीची खोली रिकामी केली आणि पलंग आणला. तो जोडताना फळ्या धरायला मी होते. तिकिटासाठी तारीख विचारली की काका म्हणायचे बघू, पाऊस संपू दे. मग म्हणाले, दिवाळी होऊ दे. शेवटी तिनं मला गाठलं. "काकू, माझं काही चुकलं का? तुम्ही विचारा ना."

मी फोन लावला. तब्येत ठणठणीत होती. गल्लीतल्या सगळ्यांना त्यांनी सांगून ठेवलं होतं, मला जर्मनीहून बोलावणं आहे. रोज कुणीतरी विचारतं, कधी निघणार, आणि रोज ते सांगतात.

"पण काका, येताय कधी?"

"अहो, बोलावलंय ना," ते म्हणाले. आवाज अगदी निवांत होता. "आता नाही आलो तरी चालतं."

मी खाली जाऊन ते जसंच्या तसं सांगितलं. सून नव्या पलंगावर चादर घालत होती. तिनं ऐकून घेतलं, एकदा डोळे पुसले आणि चादरीचं राहिलेलं टोक गादीखाली खोचलं.