शून्य कार्ड जमवणारे सलीमभाई

सलीमभाई आज पहाटे गेले. कंपनीच्या दप्तरी ते 'आत्मविश्वासाचा अभाव' असलेले कर्मचारी म्हणून गेले.

क्रोध अनावर आहे. सभ्य भाषेत मांडण्याचा यत्न करतो. साधेलच, अशी हमी नाही.

नवीन जालन्यातल्या एका बियाणे कंपनीत आम्ही दोघे. ते दोन तपे फील्डवर, अस्मादिक त्यांच्या हाताखाली घडलेले.

माझे पहिले व्याख्यान वाटूरला, एका शेतकऱ्याच्या ओसरीवर. "कृषकबंधूहो, संकरित बीजोत्पादनाची अपरिहार्यता..." इथवर वाणी पोहोचली आणि पुढचे पाठांतर विसरलो.

एका आजोबांनी विचारले, "सलीमभाई, हे पाव्हणे काय म्हणून राह्यले?"

"चहा बराबर झाला म्हणून राह्यले, काका."

सगळे हसले. मीही हसलो. मग साध्या भाषेत बोललो.

परतताना मोटारसायकलवर सलीमभाई म्हणाले, "पंडितजी, पहिले त्यायच्या कपाशीचं इचारा. आपल्या बियाण्याचं मंग. अन् इचारलं तं ऐका बी."

माझे समग्र प्रोफेशनल कर्तृत्व एवढ्याच भांडवलावर उभे आहे.

पुढे कंपनीस साक्षात्कार झाला. हॉटेलात कार्यशाळा: 'कॉन्फिडन्स आणि नेटवर्किंग'. बाहेरगावाहून आलेले, टायधारी प्रशिक्षक-महर्षी. समोर आम्ही, डीलर, बँकवाले.

खेळ असा: दहा मिनिटांत जास्तीत जास्त व्हिजिटिंग कार्डे जमवा.

मी एकोणीस जमवली. प्रथम क्रमांक.

सलीमभाईंनी शून्य.

हॉलमधला प्रत्येक इसम त्यांच्या ओळखीचा. कार्ड मागणार कोणाला? ते पाणी देणाऱ्या वेटरशी बोलत उभे राहिले. तो धावडा गावचा निघाला. त्याच्या चुलत्याला कंपनीसाठी मिरचीचे बियाणे पिकवायचे होते, म्हणजे बीजप्लॉट घ्यायचा होता. चुलत्याचा नंबर घेऊन सलीमभाई खुशीत परतले.

महर्षींनी फॉर्मवर लिहिले: 'आत्मविश्वासाचा अभाव. जनसंपर्काच्या कामास अयोग्य.'

आठवड्याने मॅनेजरांनी मला केबिनमध्ये बोलावले. सलीमभाईंना गोदामात हलवायचे होते.

"तुम्ही त्यांना जवळून ओळखता. तुमचं काय मत?"

टीम लीडरची खुर्ची तेव्हा रिकामी होती आणि माझा तिच्यावर डोळा होता, हेही नोंदवतो.

मी म्हणालो, "मूल्यमापन वस्तुनिष्ठ वाटते, सर."

सलीमभाईंना हे मीच सांगितले. ते हसले. "वस्तुनिष्ठ. तुमी भिले की असलेच शब्द निघतेत, पंडितजी."

मग फील्डच्या मोटारसायकलची चावी माझ्या टेबलावर ठेवली. "चेन ढिली हाय. कसून घ्या."

खुर्ची मला मिळाली. सलीमभाई शेवटपर्यंत गोदामात. गावोगावचे फोन मात्र त्यांनाच यायचे. पोत्यांच्या थप्पीआडून ते उत्तरे द्यायचे आणि विक्री माझ्या नावावर चढायची.

आज कंपनीच्या ग्रुपवर त्याच मॅनेजरांचा मेसेज: 'सलीमभाई म्हणजे नेटवर्किंगचे चालतेबोलते विद्यापीठ.' खाली जोडलेल्या हातांची रांग.

त्या विद्यापीठास टाळे कोणी ठोकले, महाशय? तुम्ही. आणि हातोडा मी आणून दिला.

दुपारी कबरस्तानातून परतलो आणि त्या मेसेजखाली लिहिले: 'त्यांना गोदामात पाठवताना मला विचारले होते. मी होकार दिला. तो होकार खोटा होता.'

लगेच मॅनेजरांचा फोन. "भावनेच्या भरात लिहिलंत. डिलीट करा."

"न्हाई करत," मी म्हणालो.

फोन ठेवला.

सलीमभाई, हे त्या केबिनमध्ये म्हणायला हवे होते. तेव्हा म्हटले असते, तर तुम्ही शेवटपर्यंत फील्डवर राहिला असता. आता माफी मागण्यातही अर्थ नाही; ती देणारा माणूस आज मातीआड झाला.

शांत निजा, सलीमभाई.