सात टक्क्यांनी किती होईल

माझ्या धाकट्या भावाला डाव्या कानाने ऐकू येत नाही, कारण मी त्याच्या कानाखाली मारली. दवाखान्यात त्याने सांगितलं की क्रिकेटचा बॉल लागला. पुण्याला आईला व्हिडिओ कॉलवर सांगितलं की सर्दीने कान बसलाय. दोन्ही वेळा मी शेजारी होतो आणि दोन्ही वेळा मी मान हलवली.

मी मुळात कमी बोलणारा. ऑफिसात पाण्याच्या पाइपलाइनींची गणितं करतो, घरी येऊन जेवतो, झोपतो. ह्या बाबतीत गप्प बसलो तेव्हा कुणाला नवल वाटलं नाही. तो तसाच आहे, म्हणाले. त्या सवयीच्या आड मला फार दिवस लपता आलं.

मी, माझी बायको, भाऊ आणि त्याची बायको, असे आम्ही चौघं ऑकलंडमध्ये दोन भाड्याच्या घरांत राहत होतो. फ्लॅट बुश नावाच्या उपनगरातल्या नव्या वसाहतीत एक मोठं घर विकायला निघालं. खाली एक कुटुंब, वर एक कुटुंब, मध्ये ऐसपैस स्वयंपाकघर, मागे डेक. मला ते बघताक्षणी हवंसं झालं. वडिलांच्या बदल्यांमुळे आमचं लहानपण सरकारी क्वार्टर्समध्ये गेलं. भिंतीला खिळा ठोकायचा तरी आई दहादा विचारायची, चालेल ना, कोणी काही म्हणणार नाही ना. मला स्वतःच्या भिंतीत खिळा ठोकायचा होता. आणि भाऊ जवळ हवा होता. एकट्याच्या पगारात ते घर बसत नव्हतं.

भाऊ कर्जाला घाबरायचा. क्रेडिट कार्डाचं बिलसुद्धा आल्या दिवशी भरून टाकणारा माणूस. आयटीतला, माझ्याहून हुशार. पण घरातल्या मोठ्या गोष्टी दादा बघतो, हे त्याच्या मनात लहानपणापासून बसलेलं.

कर्ज मिळवून देणारा ब्रोकर एका रविवारी आमच्याकडे आला. बायकोने केलेले पोहे खात त्याने लॅपटॉप आमच्या बाजूला वळवला. तेव्हा व्याजाचे दर तळाला होते, अडीच टक्क्यांच्या आसपास. पंधरवड्याचा हप्ता आमच्या दोन भाड्यांच्या बेरजेपेक्षा थोडासाच जास्त दिसत होता. मग त्याने सहज विचारलं, हा दर दोनच वर्षांसाठी बांधलेला आहे आणि कर्ज तीस वर्षांचं आहे, तर पुढे सात टक्क्यांनी किती होईल ते दाखवू का?

भावाने स्क्रीन सोडून माझ्याकडे बघितलं.

"नको, आम्हाला कल्पना आहे," असं मी ब्रोकरला इंग्रजीत सांगितलं, आणि भावाला मराठीत म्हणालो, "भाड्यासारखंच आहे रे. फक्त आता आपल्याच खिशात जाणार."

मला खरोखरच कल्पना होती. आदल्या आठवड्यात ऑफिसात जेवणाच्या सुट्टीत मी ते गणित करून बसलो होतो. अडीच टक्क्यांनी तीस वर्षं फेडलं तर घेतलेल्या पैशाच्या जेमतेम दीडपट परत जातात. सात टक्क्यांनी जवळजवळ अडीचपट. म्हणजे घ्यायचं एका घराचं कर्ज आणि भरायचे अडीच घरांचे पैसे. आणि पहिली कित्येक वर्षं मुद्दल जागचं हलत नाही. शंभर डॉलर भरले तर पंचाऐंशीच्या वर नुसत्या व्याजात जातात. मी तो आकडा बघितला, कॉम्प्युटर बंद केला आणि उरलेला डबा खाल्ला. भावाला दाखवला असता तर तो नाही म्हणाला असता. म्हणून नाही दाखवला. ह्याला दुसरं काही कारण नव्हतं.

बँकेने तिच्या पद्धतीने तपासणी केली. चार पगार आणि मूल एकही नाही, त्यामुळे आम्ही पास झालो. वकिलाने सह्या घेताना बजावलं की हे अर्धं-अर्धं नसतं, एकाने भरलं नाही तर दुसऱ्याने सगळं भरायचं. भाऊ हसून म्हणाला, "म्हणजे लग्नच की, दादा."

पहिली दोन वर्षं आम्ही सुखात होतो, हे लिहायलाच हवं. इथे बँकेतून पैसे पाठवताना शेरा लिहायला एवढीशी जागा असते. भाऊ दर पंधरवड्याला आपला हिस्सा जोड खात्यात टाकायचा आणि त्या जागेत, आज आपण घराचं काय विकत घेतलं ते लिहायचा. एक पायरी. नळाची तोटी. अर्धी खिडकी. मी ऑफिसात फोन उघडून हसायचो. त्यांना मुलगी झाली. आम्हाला मूल नाही. घरातलं बाळ म्हणजे तीच. डे-केअरची फी आणि तिच्या आईचा पगार जवळजवळ सारखाच होत होता, म्हणून तिच्या आईने नोकरी सोडली.

मग दोन वर्षं संपली आणि नवा दर आला. सातच्या अगदी जवळ. हप्ता दीडपटीच्या वर गेला. त्या संध्याकाळी भावाने पहिल्यांदा बँकेच्या ॲपमध्ये शिरून मुद्दल किती उरलंय ते बघितलं. खाली स्वयंपाकघरात आला आणि फोन माझ्यासमोर धरला.

"दादा, माझ्या पायऱ्या कुठायत? तोट्या कुठायत? हे तर आहे तिथेच आहे सगळं."

तो हसत होता. मी हातातलं ताट सिंकमध्ये आपटलं. त्याचा एक तुकडा उडून त्याच्या बायकोच्या पायाशी पडला.

तिथून पुढे ते घर माझ्या हातून फुटायला लागलं. हप्ता गेला की त्या दिवशी काहीतरी फुटायचंच. डिशवॉशरचं दार लाथेने वाकवलं. डेकवरची खुर्ची कठड्यावर आपटून तिचे पाय मोडले. इथल्या भिंती म्हणजे लाकडी सांगाड्यावर ठोकलेले प्लास्टरचे बोर्ड. मूठ मारली की थेट आत जाते. जिन्याखालच्या भिंतीत मी मूठ घातली, बोटांची सालं निघाली. शनिवारी लांबी भरून, घासून रंग दिला. पुढच्या महिन्यात त्याच्याच शेजारी दुसरं भोक पाडलं. हार्डवेअरच्या दुकानातला पोरगा मला ओळखायला लागला. घरात बरंच काम काढलेलं दिसतंय, म्हणाला.

पुतणी नुकती बोलायला लागली होती. मी स्वयंपाकघरात आलो की ती दोन्ही कानांवर हात ठेवायची आणि आईला विचारायची, "इज काका क्रॉस?" काका चिडलाय का? बायको मला म्हणाली, निदान तिच्यासमोर तरी नको. मी म्हणालो, मी वस्तू फोडतो, माणसांना हात लावत नाही. मला हे खरंच मोठं वाटायचं.

त्याच सुमाराला भावाच्या कंपनीने माणसं कमी केली, त्यात त्याची नोकरी गेली. काही आठवड्यांनी त्याला वेलिंग्टनला एका सरकारी खात्यात काम मिळालं, पगार कमी. तिथलं भाडं आणि इथला हप्ता दोन्ही भरणं त्याला शक्य नव्हतं. घर विकूया, म्हणाला. पण घरांचे भाव उतरलेले होते. विकलं असतं तर घर घेताना आम्ही दोघांनी पदरचं घातलेलं डिपॉझिट बुडालं असतं. मी नाही म्हणालो. त्याने पुन्हा विचारलं, मी पुन्हा नाही म्हणालो, आणि दोघांची सही असल्यामुळे माझ्या नाहीपुढे त्याचं काही चालत नव्हतं.

एका शनिवारी दुपारी तो दारासमोर गाडी धूत होता. मी गवत कापायचं यंत्र बाहेर काढलं. त्याने पुन्हा विषय काढला.

"भाव चढतील. थांब जरा," मी म्हणालो.

"कशावर थांबू? पोरीला काय तू भिंतीत भरतोस ती लांबी खायला घालू?"

मी यंत्राची दोरी ओढली. ते सुरू झालं नाही. त्याने हातातला स्पंज बादलीत टाकला आणि जवळ आला. आवाज खाली आणून बोलला.

"दादा, मी तुला दोष देत नाहीये. त्या ब्रोकरला तू नको म्हणालास, आठवतंय मला. नसेल कळलं तुला. मलाही नाही कळलं. एकदा म्हण ना, मला कळलं नव्हतं. एवढंच म्हण. मग तू म्हणशील तितकं थांबतो मी. कुठूनही पैसे आणतो."

मी मारली. खांद्यापासून हात आणून, पूर्ण उघड्या तळव्याने, कानावर. तो गाडीच्या उघड्या दारावर आदळला, बादली कलंडली, साबणाचं पाणी आमच्या दोघांच्या पायांखालून रस्त्याकडे वाहत गेलं. दुसरी मारायला हात वर गेलेला मला आठवतो. तो खाली आल्याचं आठवत नाही. बायको खिडकीत होती. ती म्हणते, दुसरीही लागली.

आमच्या घरात थोरल्याने धाकट्याला मारलं तर ती मारामारी धरत नसत. वडील मला मारायचे, मी त्याला. आई म्हणायची, मोठा आहे, त्याच्या भल्यासाठीच मारतो. मी पन्नाशीला आलेला माणूस, तो चाळिशी ओलांडलेला, एका मुलीचा बाप, आणि माझ्या हाताला अजून तोच हक्क वाटत होता.

समोरचा शेजारी रस्त्याच्या कडेला येऊन उभा राहिला. तुमचं ठीक आहे ना, असं त्याने लांबूनच विचारलं. भावाने एक हात कानावर दाबून धरला होता, बोटांमधून रक्त येत होतं. दुसरा हात त्याने वर केला.

"ऑल गुड," म्हणाला. "स्वीट ॲज." सगळं झकास, ह्याला इथे असं म्हणतात.

पडदा फाटला होता. नंतर त्यात जंतुसंसर्ग झाला, वेलिंग्टनला ऑपरेशन झालं, पण उपयोग झाला नाही. ते कळायच्या आधीच ते तिघं गेले होते. जाताना त्याच्या बायकोने माझ्या बायकोला मिठी मारली आणि मला नमस्कार केला, वाकून, पूर्वी सणाला करायची तसा. तेवढा अपमान माझा आजवर कुणी केलेला नाही.

त्याचा हिस्सा येत राहिला. कुठून आणत होता कोण जाणे. शेऱ्याची जागा रिकामी. मी फोन करायचो, तो उचलायचा नाही. वरचा मजला रिकामा पडला. मी वर जाऊन पुतणीच्या खोलीतल्या भिंतीला मूठ मारली, आणि ती मात्र बुजवली नाही.

ऑपरेशनची बातमी बायकोला जावेकडून कळली. ती जेवणाच्या टेबलाशी माझ्यासमोर येऊन बसली.

"मला ह्या घराची पूर्ण किंमत सांग," म्हणाली. "तीस वर्षांची."

मी आकडा सांगितला. तो मला पाठ होता.

"ह्यात त्याचा कान धरलायस?"

मग मी तिला सांगितलं की हा आकडा मला ब्रोकर येण्याच्या आधीपासून माहीत होता. ती पाणी प्यायली आणि म्हणाली, "मला काय सांगतोस? कान माझा गेलाय का?" त्या दिवसापासून ती खालच्या दुसऱ्या खोलीत झोपते.

मी भावाला इ-मेल केली की घर विकतोय, जो तोटा होईल तो मी एकटा भरेन, तू फक्त सहीला ये. येतो, एवढंच उत्तर आलं.

इथे घरं बऱ्याचदा लिलावाने विकतात; आमचा लिलाव घरातच होता. एजंटने रस्त्यावर झेंडे लावले होते. लोक दाराशी बूट काढून आत फिरत होते, माझ्या भिंती बोटाने वाजवून बघत होते. भाऊ विमानतळावरून थेट आला. आम्ही रिकाम्या गॅरेजमध्ये उभे राहिलो. तो दाराकडे तोंड करून होता, मी त्याच्या डाव्या हाताला. मी ते वाक्य म्हणालो. किती महिने तोंडात धरलेलं वाक्य, एका दमात.

त्याने वळूनही बघितलं नाही. मग मी काहीतरी बोललो असेन असं त्याला जाणवलं.

"काय? ह्या बाजूला येऊन बोल. तिकडून ऐकू येत नाही मला."

मी त्याला वळसा घालून उजवीकडे गेलो. पुन्हा म्हणालो. "मला कळलं होतं. सात टक्क्यांनी किती होईल ते मी आधीच काढलं होतं. तू नाही म्हणशील म्हणून तुला मुद्दाम दाखवलं नाही."

त्याने मारली. जन्मात पहिल्यांदा. माझ्या डाव्या कानावर, माझ्यासारखीच, खांद्यापासून. मी भिंतीवर गेलो, खालचा ओठ दातांत सापडून फाटला. कानात एकच शिट्टी वाजत होती. तो माझ्या तोंडासमोर तोंड आणून उभा होता. शिट्टी जराशी बसेपर्यंत थांबला.

"ऐकू येतंय?"

"हो."

"मग नीट ऐक. तोटा निम्मा-निम्मा. एकट्याने पैसे भरून सुटायला बघू नकोस."

आतून एजंटची हाक आली. त्याने खिशातून रुमाल काढून माझ्या हातात दिला, ओठाला लावायला, आणि आत गेला. मी त्याच्या मागून गेलो. दिवाणखान्यात तो खुर्चीवर बसला आणि त्याच्या उजव्या बाजूची खुर्ची त्याने बॅग ठेवून अडवली. मी डावीकडे बसलो.

घर गेलं. कर्ज फिटलं, डिपॉझिट बुडालं, एजंटचं कमिशन आणि वकिलाची फी खिशातून भरायची राहिली. भावाचा निम्मा हिस्सा त्याच आठवड्यात आला. शेऱ्याची जागा मी आधी बघितली. ती रिकामीच होती.

माझा कान त्या संध्याकाळपर्यंत वाजत होता. सकाळी उठलो तेव्हा थांबला होता.