करंगळीतली अंगठी

बहिणीच्या होणाऱ्या नवऱ्याच्या बोटाचं माप मी माझ्याच बोटावर घेतलं. परवा मोरीत साबणाचा वास आला आणि तिचं साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, पुन्हा डोळ्यांपुढे उभं राहिलं. त्याच्या बोटाला गुंडाळून माप आण, असं सांगून बाबांनी दोरा देऊन मला त्याच्या गावी, मानोऱ्याला पाठवलं होतं. तिथं आग्रहानं वाढलेल्या पुरणपोळ्या मी हाणल्या आणि परतीच्या एसटीत बसल्यावर तो दोरा खिशात हाताला लागला. ‘अंदाजे’ हा शब्द आळशी माणसाच्या फार कामाचा. त्याचं बोट अंदाजे आपल्याएवढंच असेल, असं म्हणून मी दोरा स्वतःच्या बोटाला गुंडाळून गाठ मारली आणि सोनारानं त्यावर अंगठी घडवली. पण त्याचं बोट शेतात राबलेलं आणि माझं मोबाइलवर फिरलेलं! भर मांडवात अंगठी त्याच्या पेरावर अडकली, पुढे जाईना की मागे येईना. साबण लावला, बोट सुजून लाल झालं. “साक्षगंधातच अंगठी अडली व माय, पुढं कसं होईन या पोरीचं?” त्याची आत्या सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलली. बहिणीची मान जी खाली गेली ती वर येईना, आणि मी मांडवाच्या खांबामागे सरकलो. शेवटी अंगठी कशीबशी निघाली तेव्हा जावईच म्हणाले, “राहू द्या, मी करंगळीत घालतो.” आजही ती त्यांच्या करंगळीतच आहे. ते घरी आले की मी चहा आणायचं निमित्त करून आत पळतो, पण बाबांचा आवाज तिथंही येतो, “याले बोट मोजाले पाठोलं होतं, तं हा पोट मोजून आला!”