तांबट आळीचं शेंडेनक्षत्र

आमच्या तांबट आळीत गुपित नावाची चीज कधी टिकली नाही. दिवसभर हंडे-घागरी ठोकून प्रत्येकाच्या कानांचे बारा वाजलेले. त्यामुळे नवरा बायकोच्या कानात कुजबुजला तरी ते नदीपलीकडे पंचवटीत ऐकू जायचं. अशा आळीत पुंजा तांबटाला आकाशाचा नाद लागला.

पुंजा माणूस हुशार. निदान त्याचं स्वतःचं तसं मत होतं आणि ते तो कुणापासून लपवत नसे. देवळाली कॅम्पात तोफखान्याच्या मोडीत काढलेल्या सामानाचा लिलाव झाला, तेव्हा शहाणी माणसं बादल्या घेत होती, तंबू घेत होती. पुंजानं दुर्बीण घेतली. तिची नळी चेपलेली होती. ती त्यानं लाकडी मोगरीनं ठोकून सरळ केली, चिंच लावून लखलखीत घासली आणि गच्चीवर तिपाईला बांधली. त्याची बायको झुंबरबाई म्हणाली, एवढ्या पितळेत चांगलं तपेलं झालं असतं. त्या घरात शहाणपणाचं बोलणारी ती एकटीच, म्हणून तिचं कुणी ऐकत नसे.

पुंजाची इच्छा तशी साधीच होती. एखादं शेंडेनक्षत्र सगळ्या जगाच्या आधी आपल्याला दिसावं आणि त्याला आपलं नाव लागावं, एवढंच. विलायतेत म्हणे जो आधी पाहील त्याचंच नाव देतात. आणि चौतीस साली, तुळशीचं लग्न लागल्यावर थोड्याच दिवसांत, दिवेलागण झाल्यावर त्याला ते दिसलं. डोक्यावर, जरा उत्तरेला, पुसट, लांबुडकं, धुरकट.

त्यानं ते बायकोला हळूच सांगितलं. म्हणजे अर्ध्या नाशकाला सांगितलं.

मग काय, गच्चीवर जत्रा भरली. पुंजाला नुसता डाग दिसला होता, लोकांना मात्र लांबलचक शेंडी दिसली. शेजारच्या रंगूबाईला ती केरसुणीसारखी दिसली, तिच्या दिराला तलवारीसारखी. समोरच माझं तपकिरीचं दुकान, त्यामुळे मलाही बोलावणं आलं. मला माझ्याच पापणीचे केस दिसले. पण एवढ्या डोळस मंडळींत आपणच आंधळे कशाला ठरा, म्हणून मीही शेंडी पाहिली.

आता पुंजाच्या मुलीचं, मैनाचं, लग्न त्याच मार्गशीर्षात ठरलेलं. व्याही चांदवडचे गेणूशेट, तेही तांबटच. शेंडेनक्षत्राची बातमी चांदवडला पोचली आणि उलट निरोप आला की असलं अभद्र आकाशात असताना आमच्याकडे अक्षता पडत नाहीत, ते जाईल तेव्हा बघू. मुलाला दुसरीकडूनही सांगून आलंय, अशी पुस्तीही होती. मैनाला तो मुलगा मनापासून आवडला होता. तिचं जेवणावरचं मनच उडालं.

पुंजाचं धाबं दणाणलं. तो रावजी मास्तरांकडे धावला. मास्तर हायस्कुलात गणित शिकवून निवृत्त झालेले. त्यांनी गच्चीवर येऊन एकदा दुर्बिणीला डोळा लावला, माझ्याच दुकानची तपकीर ओढली आणि निकाल दिला, की हे शेंडेनक्षत्र नव्हेच. दीडशे वर्षांपूर्वी फ्रान्सात एक जण होता, त्यालाही पुंजासारखंच हे वेड. असले धुरकट डाग त्याला सारखे चकवायचे. शेवटी वैतागून त्यानं त्यांची यादीच केली, की इकडे वेळ घालवू नये, ही शेंडेनक्षत्रं नव्हेत. पुंजाचा डाग त्या यादीत एकतिसावा. तो डाग म्हणजे आपल्या आकाशगंगेसारखाच ताऱ्यांचा अख्खा गोतावळा, आणि त्याचा उजेड इथं यायला लाखो वर्षं लागतात.

म्हणजे नाव गेलं, पण लग्न वाचलं. नावाचं दुःख पुंजानं घटकाभर केलं आणि गेणूशेटना बोलावणं धाडलं. मैना मात्र मास्तरांचं ऐकल्यापासून रोज संध्याकाळी गच्चीवर जाऊन तो डाग बघत बसायची. आळीत त्याच्याकडे भीती न बाळगता बघणारी ती एकटीच.

गेणूशेट आले. गच्चीवर पुंजा, मास्तर आणि आगाऊपणानं मी. पुंजानं सगळं सांगितलं, आपली चूक झाली हेसुद्धा. हे शब्द त्याच्या तोंडून मी प्रथमच ऐकत होतो. गेणूशेटनी बराच वेळ दुर्बिणीतून पाहिलं.

"शेंडी तर दिसतीय मला."

"ती शेंडी नव्हे, इवाई. ते तसंच आहे. आपल्या पणज्याच्या पणज्याच्या वेळीही तिथंच होतं."

"म्हंजे हे जाणार नाय?"

"छे. कधीच नाही," पुंजा खुशीत म्हणाला.

गेणूशेटनी पागोटं सारखं केलं. "शेंडेनक्षत्र आज ना उद्या जातं तरी. हे तर जायचंच नाय म्हणता. मंग आमच्या पोरानं काय जलमभर बिनलग्नाचं ऱ्हायचं?"

मास्तरांनी त्यांना गणितानं समजावलं. मास्तरांच्या गणितानं आजवर कुणाचं समाधान झालं नव्हतं, ते आज कुठून होणार? गेणूशेट जायला उठले. जिन्याच्या तोंडाशी मैना भिंतीला टेकून उभी होती. तिचा चेहरा पाहवत नव्हता.

पुंजा दुर्बिणीशी गेला. त्यानं नळीला किंचित बोट लावलं.

"थांबा इवाई. एकदा पुन्हा बघा."

गेणूशेटनी पाहिलं. भिंगात नुसता काळोख.

"गेलं की हो."

"गेलं," पुंजा म्हणाला. "तुमचा पायगुण."

हे त्यानं सवयीप्रमाणे अख्ख्या आळीला ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं. मास्तर समोरच होते. त्यांनी पुंजाकडे पाहिलं आणि ते जिना उतरून गेले. पुंजा त्यांच्याकडे बघू शकला नाही.

लग्न थाटात, गोरज मुहूर्तावर लागलं. मांडवात गेणूशेट पाहुण्यांना कौतुकानं सांगत होते, आमच्या इवायांनी शेंडेनक्षत्र आधी हेरलं आणि मग पळवूनही लावलं. बायाबापड्या पुंजाच्या पाया पडत होत्या. नाव, नाव म्हणतात ते आणखी काय असतं?

पाठवणीला अंधार पडला होता. मैना आईच्या गळ्यात पडून रडली, मग बापाजवळ आली. डोळे पुसून तिनं वर पाहिलं.

"आबा, ते तिथंच आहे ना?"

पुंजानं तोंड उघडलं. शेजारीच गेणूशेट उभे होते, नव्या सुनेकडे प्रेमानं बघत.

"नाही गं," तो म्हणाला, "गेलं ते."

मैनानं मान खाली घातली आणि ती गाडीत जाऊन बसली. मला एरवी पुंजाची थट्टा सुचते. त्या दिवशी सुचली नाही.