दहाचे चार

सेतुराव गेले त्या सकाळी मी परीक्षेच्या हॉलमध्ये पर्यवेक्षणाला होते. नियमाप्रमाणे फोन बाहेर, बॅगेत. तीन तासांनी तो हातात घेतला तेव्हा आमच्या विभागाच्या ग्रुपवर हात जोडलेल्या चित्रांची रांग लागली होती आणि मूळ निरोपापर्यंत मला बोटाने बरंच वर जावं लागलं... सकाळी अंघोळीला उठले आणि तिथेच कोसळले, असं लिहिलं होतं. म्हणजे मी मुलांना पुरवण्या वाटत फिरत होते, कोपऱ्यातल्या दोघांना डोळे वटारत होते, तेव्हा ते गेलेले होते. तांबरम स्टेशनच्या फलाटावर उभी असताना मनात आलं, की हे तीन तास माझ्यापुरते तरी ते जिवंत होते. आणि लगेच त्यांचा वैतागलेला चेहराच समोर आला. असली गोड वाक्यं त्यांना मुळीच सहन होत नसत. "जिवंत नव्हतों. तुज ठाऊक नव्हतं, इतकंच," असं म्हणून त्यांनी मला गप्प केलं असतं.

सेतुमाधव राव आमच्या कॉलेजात भौतिकशास्त्राचे सर्वांत ज्येष्ठ प्राध्यापक. तंजावरकडच्या जुन्या मराठी घराण्यातले. लग्नानंतर मी नाशिकहून इथे, तमिळ मुलखात आले, नवरा श्रीपेरुंबुदूरला गाड्यांच्या कारखान्यात, आणि मला तमिळ म्हणजे भाजीवाल्यापुरतं. कॉलेजातल्या पहिल्या दिवशी सकाळी साडेनऊ वाजता हे उंच, काटकुळे गृहस्थ माझ्या टेबलापाशी येऊन म्हणाले, "जेवण झालं की?" साडेनऊला कसलं जेवण, हे विचारायचंही मला सुचलं नाही, मराठी ऐकूनच डोळे भरले. पुढे मी त्यांच्या जुनाट, तमिळ हेलाच्या मराठीची भरपूर थट्टा केली आणि त्यांनी माझ्या मराठीला टीव्हीची मराठी म्हणून मनसोक्त नावं ठेवली. आमचं बरं जमलं.

रविवारी दुपारी मी पश्चिम मांबलमला त्यांच्या घरी जायची. त्यांच्या पत्नीला, कमलाक्कांना, माझं खाणं कमी वाटायचं आणि सेतुरावांना माझं भौतिकशास्त्र. ते सगळं आयुष्य एकाच प्रश्नाला चिकटून बसलेले. इलेक्ट्रॉनला दोन वाटा मोकळ्या असल्या तर समीकरण म्हणतं, दोन्ही शक्यता एकत्र चालत राहतात. आपण उपकरण लावून बघतो तेव्हा मात्र एकच सापडते. दुसरी कुठे गेली? पुस्तकात लिहिलेलं असतं, की मापन केलं की तरंगफलन, म्हणजे सगळ्या शक्यतांचं ते एकत्र गणित, कोसळतं. पण मापन नेमकं कधी झालं, हे समीकरणात कुठेच नाही. उपकरणही अणूंचंच, मग तेही दोन्हीकडे का नाही? बघणारा डोळा? डोळ्यामागचं डोकं? रेघ कुठे ओढायची? मी हे मुलांना दरवर्षी एका तासात उरकत असे. सेतुरावांचा त्यात आठवडा जाई आणि शेवटी ते वर्गाला सांगत, मज ठाऊक नाही. एका रविवारी मी म्हटलं, सोपं तर आहे, झाकण काढेपर्यंत आत काय आहे ते कळत नाही. त्यांनी मला हाताला धरून स्वयंपाकघरात नेलं आणि झाकलेलं पातेलं दाखवलं. आत उपमा आहे की पोंगल हे तुला ठाऊक नाही, पण कमलेनं मघाशीच एक काहीतरी केलेलं आहे, म्हणाले. इलेक्ट्रॉनचं तसं नाही, तिथे झाकण उघडण्याआधी काही एक केलेलंच नसतं. कमलाक्का म्हणाल्या, उघडा आणि खा, निवतंय. उपमा होता.

आता कॅम्पचं सांगते. ते टाळावं म्हणूनच इतका वेळ उपम्यात घालवला.

विद्यापीठाच्या परीक्षा झाल्या की पेपर तपासायला सगळ्या कॉलेजांचे शिक्षक एका ठिकाणी बसवतात, त्याला कॅम्प म्हणतात. लांबलचक टेबलं, उत्तरपत्रिकांचे गठ्ठे, प्रत्येकाच्या हाती नमुना उत्तरं आणि कशाला किती मार्क याची यादी. त्या वर्षी मी मुख्य परीक्षक होते, वयाने सर्वांत लहान, आणि त्याचा मला तोरा होता. माझं काम म्हणजे इतरांनी तपासलेल्यांतल्या काही उत्तरपत्रिका पुन्हा पाहणं. सेतुरावांच्या गठ्ठ्यातली एक माझ्याकडे आली. मापनावरचा दहा मार्कांचा प्रश्न. नमुना उत्तराप्रमाणे ‘तरंगफलन कोसळतं’ हे वाक्य आणि त्याचं सूत्र यांनाच सहा मार्क. या पोरीने ते लिहिलंच नव्हतं. तिने लिहिलं होतं, की उपकरणालाही तेच समीकरण लागू असेल तर कोसळणं येतं कुठून हे मला कळत नाही, आणि कळत नाही ते तिने दीड पान नीट, पायरीपायरीने मांडलं होतं. सेतुरावांनी दहापैकी दहा दिले होते.

मी त्यांच्या टेबलाशी गेले आणि यादीवर बोट ठेवलं. त्यांनी यादीकडे पाहिलंही नाही. बाकीच्यांनी पाठ केलेलं वाक्य लिहिलंय, हिनं प्रश्न वाचलाय, म्हणाले. मी म्हटलं, नियम आहे. मी तुमचे दहा खोडून चार करणार. त्यावर ते म्हणाले,

"कागद तोच, शाई तीच. सकाळी दहा, आतां चार. मार्क त्या कागदांत होते की आपण ठेवले, सांग तूच."

सगळं टेबल ऐकत होतं. मला ती थट्टा वाटली, चारचौघांत केलेली. राग आला. मी दहाचे चार केले. ते उठले, त्यांनी पुन्हा दहा केले आणि खाली सही ठोकली. मग प्रकरण कॅम्पच्या अध्यक्षांपर्यंत गेलं. दुपारी अध्यक्षांनी एक टिपण तयार केलं : या परीक्षकांना विषयाचं पुरेसं आकलन नाही, सबब उत्तरपत्रिका तपासण्यास ते अपात्र आहेत. मुख्य परीक्षक म्हणून माझी सही हवी होती. मी टिपण दोनदा वाचलं. खोटं आहे हे मला पक्कं माहीत होतं. त्यांच्याइतका हा विषय त्या इमारतीत कुणालाच कळत नव्हता, मला तर नाहीच... अध्यक्ष पेन पुढे धरून उभे होते, पुढच्या वर्षीच्या परीक्षकांच्या यादीत मला राहायचं होतं, आणि सकाळचा राग उतरला नव्हता. मी सही केली.

सेतुरावांना पुन्हा कधी बोलावणं आलं नाही. निवृत्तीपर्यंतची आठ वर्षं ते कॅम्पच्या दिवसांत स्टाफरूममध्ये एकटे बसत. माझे रविवार चालूच होते. ते तसेच बोलत, तसेच वाद घालत. टिपणाची प्रत त्यांना मिळाली होती का, तिच्यावरची सही त्यांनी पाहिली होती का, हे मी विचारलं नाही. दर रविवारी निघताना ठरवायची, आज सांगायचं. मांबलम स्टेशनचा जिना उतरतानाच धीर सुटायचा. त्यांना माहीत असेल किंवा नसेल, यात इलेक्ट्रॉनसारखं काही नव्हतं. उत्तर एकच होतं, तिथेच, हातभर अंतरावर खुर्चीत बसलेलं. मी भ्याले, बस.

शेवटची भेट ते जाण्याआधी दोन आठवडे. थकले होते, पण निरोप द्यायला फाटकापर्यंत आले.

"अजून कॅम्पास जातीस की?" त्यांनी विचारलं.

मी हो म्हटलं.

"सावकाश तपास."

एवढंच. त्यानंतर मी हे दोन शब्द किती वेळा उलटेपालटे केले असतील! आता त्यांतून काहीच निघत नाही.

दिवस-कार्य आटोपल्यावर मी कमलाक्कांकडे गेले. त्या कढीपत्ता निवडत होत्या. मी समोर बसले आणि सगळं सांगितलं. टिपण, सही, खोटं होतं हे मला माहीत होतं तेही. त्यांनी कढीपत्ता बाजूला सारला. मग त्यांनी त्यांच्या बाजूचं सांगितलं. सेतुरावांनी घरी सांगितलं होतं, की डोळे अधू झाले म्हणून आपणच कॅम्प सोडला. त्या काळजीने त्यांना डोळ्यांच्या डॉक्टरकडे घेऊन गेल्या होत्या. डॉक्टर म्हणाला, डोळे छान आहेत. कमलाक्कांनी डॉक्टर बदलला. दोनदा चष्मा करून घेतला, आणि नंबर लागत नसलेला तो चष्मा ते त्यांच्यासमोर मुकाट्याने घालत.

मला वाटलं होतं, सांगितलं की मोकळी होईन. तसं झालं नाही. त्या बाईपाशी इतकी वर्षं एक समजूत होती, नवऱ्याचे डोळे गेले एवढी साधी. मी ती मोडली आणि त्या जागी आता सेतुरावांचा अपमान ठेवला. कमलाक्कांचं बघणंही बदललं माझ्याकडे. मी त्या घरात पुन्हा पहिल्यासारखी जेवणार नाही, हे मला त्याच क्षणी कळलं.

मी म्हटलं, विद्यापीठाला पत्र लिहीन. त्या म्हणाल्या, लिही. मी लिहिलं, उत्तर आलेलं नाही, येईल असंही वाटत नाही. पण कमलाक्कांना तेवढं पुरलं नाही.

"तिकडे तुज कोण ओळखतो? तुझ्या माणसांत सांग. मराठींत. छापून आलं की मज वाचून दाखव, मज ती अक्षरं येत नाहीत, तमिळच येतात."

मग त्यांनी मला सेतुरावांच्या टेबलाशी बसवलं. त्यावर कागदांचा ढीग तसाच आहे आणि वर तो चष्मा. त्यांनी चष्मा उचलला नाही, कागद फक्त जरा सरकवले, माझ्या कोपरापुरते. हे तिथे बसून लिहिते आहे. नाशिकला माझे आईवडील हा अंक घेतात, माझे जुने शिक्षकही घेतात. त्यांनी वाचावं. सेतुमाधव राव पेपर तपासण्यास अपात्र आहेत, या वाक्याखाली माझी सही आहे. ते वाक्य खोटं होतं, आणि सही करताना मला ते माहीत होतं.