तोंड काकींचं, दिवा रेवाबाईंचा

"मेले का गं मी?"

हेमाकाकी दुकानाच्या दारात उभ्या होत्या. मासळीची रिकामी पाटी अजून डोक्यावरच होती. समोर फरशीवर ताजा छापलेला फ्लेक्स पसरलेला. त्यावर काकींचा फोटो, काळापांढरा. फोटोभोवती झेंडूचा हार. खाली दोन बाजूंना दोन समया, पेटलेल्या.

"काकी, चूक झालीये," मी म्हटलं.

"चूक? सकालपासना बाजारात बसले मी. दोन गिऱ्हाइकांशी भांडले. मेलेली बाय भांडते का?"

आमचा ऑपरेटर राजेश मशीनमागून बाहेर आला. तो बिहारचा. कॉम्प्युटरवर डिझाइन लावणं आणि छापणं हे त्याचं काम. "आंटी, माफ करना. फोटो ब्लॅक अँड व्हाइट था. हमारे धंदे में ब्लॅक अँड व्हाइट मतलब आदमी गया."

"काय म्हनतो ह्यो?"

"म्हणतो, फोटोतला रंग गेला की माणूस गेला असं धरतात."

काकींनी पाटी खाली ठेवली. फ्लेक्सच्या कडेने एक चक्कर मारली. "समया चांगल्या हायेत," त्या म्हणाल्या. "पन माज्यापुढं नको."

राजेशचा तसा दोष नव्हता. बोईसरच्या कुठल्याही फ्लेक्सच्या दुकानात जा, कॉम्प्युटरवर दोन टेम्प्लेट कायम उघडी असतात. टेम्प्लेट म्हणजे तयार साचा. एक वाढदिवसाचा, एक श्रद्धांजलीचा. रंगीत फोटो पहिल्यात जातो, काळापांढरा दुसऱ्यात. आमचा निम्मा धंदा या दोन साच्यांवर चालतो. उरलेला निम्मा नेत्यांवर, आणि तो खरं तर पहिल्याच साच्यातला.

मी बेटेगावची. कॉलेज संपल्यावर कामगारांच्या एका छोट्या संघटनेत पत्रकं लिहायला शिकले. एमआयडीसीच्या गेटवर शिफ्ट सुटताना वाटायची पत्रकं. तिथे मला शिकवणाऱ्या माणसाचा एक नियम होता: जे दाखवता येत नाही ते छापायचं नाही, आणि जे छापलं ते नंतर मागे घ्यायचं नाही. संघटनेत पोट भरत नाही. म्हणून दिवसा फ्लेक्सच्या दुकानात मजकूर लिहिते. ज्यांच्याविरुद्ध सकाळी पत्रक वाटते त्यांच्याच वाढदिवसाला दुपारी 'दमदार, दिलदार' लिहिते. याचा थकवा येतो. तो झोपून जात नाही.

ऑगस्टच्या तोंडावर भाऊंची ऑर्डर आली. भाऊ म्हणजे आमच्याकडचे होतकरू नेते, निवडणुकीच्या तयारीतले. 'स्वातंत्र्यलढ्यात आपला जिल्हा' असं प्रदर्शन, बोईसरच्या एका हॉलमध्ये, दोन दिवस. एका ओळीत उभे फ्लेक्स लावायचे, त्याला आम्ही पॅनल म्हणतो. मजकूर माझा. आयुष्यात पहिल्यांदा दुकानात मला आवडेल असं काम आलं होतं. मी जीव ओतला. मिठाचा सत्याग्रह, बेचाळीस, पालघरचे हुतात्मे, डोंगरातून चालत आलेली माणसं, चोरून छापलेली पत्रकं. भाऊंनी प्रत्येक पॅनलवर नकाशा, सिंह आणि मागून फुटणारे किरण मागितले. ते राजेशने टाकले. मी अक्षरांपुरतं भांडले.

एक पॅनल मात्र भाऊंनी मागितलेला नव्हता. तो हेमाकाकींनी मागितला होता.

काकी घिवलीच्या. उन्हाळ्यात किनाऱ्यावरच्या नव्या प्रकल्पाविरुद्ध कोळणींनी मोर्चा काढला, त्याचं पत्रक मी लिहिलं होतं. मोर्चा साधा होता. आमचा समुद्र बुजवू नका, एवढंच म्हणणं. दुसऱ्या दिवशी भाऊंचा व्हिडिओ आला. भाऊ म्हणाले, काही लोकांना देश पुढे गेलेला बघवत नाही, अशांना देशद्रोही म्हणायला मी घाबरत नाही. तो व्हिडिओ घिवलीतल्या घराघरांतल्या मोबाइलवर गेला. शाळा उघडल्यावर काकींच्या नातवाला पोरांनी त्यावरून चिडवलं.

प्रदर्शनाचं कळल्यावर काकी दुकानात आल्या होत्या. रागाने नव्हे. दमून.

"पोरी, माजी आजेसासू रेवाबाय. बेचालीसच्या टायमाला सुक्या बोंबलाच्या पाटीत खाली पत्रकं, वर बोंबील, अशी चालत जायची. पोलीस पाटी उघडायचा नि नाकाला रुमाल लावायचा. कोन हात घालनार त्या वासात? एकदा एकाने घातला. पाटी उलटी केली रस्त्यावर. हिनं तवर पत्रकं ओच्यात सरकवलेली. वर त्यालाच शिव्या दिल्या, माजे बोंबील मातीत घातलेस म्हनून. आनि आता आमी देशाच्या विरोधात? तुमच्या त्या पर्दशनात लाव तिला. गावाला दिसूदे. माज्या नातवाला दिसूदे."

मी नियमाप्रमाणे केलं. घिवलीत जाऊन आणखी दोन घरांत विचारलं. काकींचं नाव न सांगता. दोन्ही घरांत तीच गोष्ट निघाली, रस्त्यावर सांडलेल्या बोंबलांसकट. तरी पॅनलवर 'गावातल्या आठवणींप्रमाणे' असं स्पष्ट लिहिलं. खाली शेवटची ओळ: 'रेवाबाईंना पत्रकं वाचता येत नव्हती. त्यांनी ती पोचवली.'

अडचण फोटोची. रेवाबाईंचा एकही फोटो नाही. आमच्या धंद्यात फोटो नसलेला माणूस हा माणूसच नसतो. कोणी थांबून वाचत नाही. म्हणून मी काकींना पाटी घेऊन उभं केलं, मोबाइलवर फोटो काढला, 'प्रतीकात्मक छायाचित्र' असं खाली लिहायला सांगितलं, आणि राजेशला म्हटलं, जुना वाटू दे, रंग काढ. मग मी दुसऱ्या एका कामाची लेबलं आणायला पालघरच्या प्रेसला गेले. राजेशने रंग काढला आणि साच्याने पुढचं काम आपोआप केलं.

तर काकी फ्लेक्सभोवती फिरत होत्या आणि मी त्यांना सांगत होते, उद्या दुसरा छापते, समया काढून. तेवढ्यात भाऊच आले. सोबत आमचे शेठ. काकींना बघून भाऊंनी हात जोडले. त्यांना काकी ओळखता आल्या नाहीत. नेत्यांचे हात आधी जोडले जातात, ओळख नंतर पटते. काकी पाटी उचलून निघून गेल्या.

भाऊंनी पॅनल वाचला. सगळा. मला वाटलं होतं वाचणार नाहीत.

"ताई, हे कोणी सांगितलं लावायला?"

"लढ्यातलंच आहे, भाऊ."

"लढ्यात शौर्य पाहिजे. ही बाई पाटी घेऊन उभी आहे. लोक काय, मासळीचा भाव विचारतील?"

शेठ हसले. मी हसले नाही.

"शौर्यच आहे. पकडली असती तर तुरुंगात गेली असती."

"फोटो कुणाचा?"

"त्यांच्या नातसुनेचा. आत्ता गेल्या त्या."

"म्हणजे जिवंत बाईला हार घातलास. उद्या कोणी केस केली तर?"

"समया काढते. रात्रीत दुसरा छापू."

भाऊंनी शेठकडे पाहिलं. शेठ चहा सांगायला बाहेर गेले. मग भाऊ शांतपणे बोलले, आणि तेवढ्यापुरतं खरं बोलले. "हे बघ ताई. या बायका पुढच्या महिन्यात परत मोर्चा काढणार. तू यांना माझ्याच हॉलमध्ये स्वातंत्र्यसैनिक करून बसवणार. मग मी त्यांना काय म्हणायचं?"

"काही न म्हटलं तर?"

"तू अजून लहान आहेस," भाऊ म्हणाले. "त्या जागी शुभेच्छुकांचा पॅनल लाव."

शुभेच्छुक म्हणजे ज्यांचे चेहरे फ्लेक्सच्या खाली ओळीने असतात. ज्याचं वजन जास्त त्याचं डोकं मोठं. त्या संध्याकाळी मी बेचाळीस सालच्या पत्रकांच्या जागी तालुक्यातली डोकी मोठी-लहान करत बसले. शेठ म्हणाले, "मॅडम, गिऱ्हाईक आहे. इतिहास गिऱ्हाइकाचा." मी नोकरी सोडते म्हणाले असते. म्हणाले नाही. घरी भाडं आहे.

काकींना फोन केला. "काकी, पॅनल लागणार नाही."

पलीकडून काकी म्हणाल्या, "टेम्पो सांगितलाय मी. आल्लीतल्या सगल्या जनी येनार. नातू पन."

"नका येऊ, काकी. काही दिसणार नाही."

"तो छापलेला कुठं हाय?"

"दुकानात. गुंडाळून ठेवलाय. रद्दीत जाईल."

"समयांचा?"

"हो."

"ठेव तसाच."

प्रदर्शनाच्या सकाळी टेम्पो आधी दुकानापुढे थांबला. घिवलीच्या बायका नटून आल्या होत्या, केसांत अबोली, अंगावर जपून ठेवलेली लुगडी. पाऊस थांबून थांबून येत होता. काकी खाली उतरल्या. मी म्हटलं, "काकी, यात तुमचंच श्राद्ध घातलंय. निदान हार तरी कापून देते."

"ऱ्हाऊदे," काकी म्हणाल्या. "तोंड माजं हाय, दिवा तिचा. तिला कुनी लावलेला कवा?"

राजेशने गुंडाळी टेम्पोत चढवली. मला वाटलं, गावात नेऊन लावतील. बरं झालं.

हॉलमध्ये भाषणं झाली. प्रमुख पाहुणे एक निवृत्त मुख्याध्यापक, वयस्कर, खादीतले, ऐकायला थोडं कमी येणारे. भाऊ त्यांना एकेका पॅनलपुढे नेत होते. बायका मागून सगळं बघत होत्या. शुभेच्छुकांच्या पॅनलपुढे त्या थांबल्या. एकीने विचारलं, "ह्ये पन सगले तुरुंगात गेलेले का?" दुसरी म्हणाली, "जातील." हशा झाला. भाऊंनी वळून पाहिलं आणि बायका दिसताच त्यांचा चेहरा उजळला. लुगडी, अबोली, पाहुणे; ओळख इथेही नंतरच पटणार होती. फोटोग्राफरला खूण केली. "या, या, भगिनींनो! सरांसोबत एक फोटो होऊ दे."

बायका आल्या. ओळीने उभ्या राहिल्या. फोटोग्राफर म्हणाला, जरा जवळ. तेव्हा दोघींनी मागे धरलेली गुंडाळी पुढे आणली आणि उलगडली.

हार, दोन समया, पाटी घेतलेली बाई.

आपल्याकडे असा फ्लेक्स समोर आला की माणूस आधी विचार करत नाही. सरांनी चपला काढल्या आणि हात जोडून मान खाली घातली. सरांनी जोडले म्हणून भाऊंनी जोडले. फोटोग्राफरने फोटो काढला, त्याचं कामच ते. मग सर भाऊंना म्हणाले, "कोण या बाई? चष्मा गाडीत राहिला. जरा वाचा."

"सर, पुढे अजून—"

"वाचा हो. मोठ्याने."

भाऊंनी वाचलं. काय करतील? पहिल्या दोन ओळी पटपट. मग हॉल गप्प झाला म्हणून सावकाश. बोंबील मातीत सांडले तिथे मागून कोणीतरी "अरेरे" म्हणालं. शेवटची ओळ भाऊंच्या आवाजात मी ऐकली: 'त्यांनी ती पोचवली.' सरांनी रुमाल काढून डोळे पुसले आणि विचारलं, "यांचे कोणी आहेत का इथे?"

"मी हाय," काकी म्हणाल्या. "नातसून. ह्यो खापरपनतू."

सरांनी फोटोकडे पाहिलं, काकींकडे पाहिलं. "अगदी त्यांच्यासारख्या दिसता," ते म्हणाले.

काकींनी ते दुरुस्त केलं नाही. मीही नाही. 'प्रतीकात्मक' हे शब्द फोटोखाली होते, पण चष्मा गाडीत होता. पोराने मात्र आजीचा हात सोडून फ्लेक्सचा कोपरा धरला होता.

यातून काही बदललं असं मी लिहिणार नाही, कारण दाखवता येणार नाही. भाऊंनी तो फोटो कुठेच टाकला नाही. पुढच्या महिन्यात मोर्चा निघाला, आणि भाऊ पुन्हा देशाबद्दल बोलले. यावेळी 'देशद्रोही' न म्हणता, 'काही लोक' एवढंच म्हणाले. काकी म्हणाल्या, तेवढं कमी बोलला. शेठने मला आठवडाभर 'क्रांतिकारक मॅडम' म्हटलं आणि नंतर एका बारशाचा मजकूर दिला.

प्रदर्शनाचे सगळे पॅनल दोन दिवसांनी उतरले. सिंह, नकाशे, शुभेच्छुक. उतरलेले फ्लेक्स लोक मागून नेतात. कोणी पेंढ्यावर घालतं, कोणी पत्र्याखाली. रेवाबाई बाजारात आहेत. कोळणी बसतात तिथे वर ताणून बांधल्या आहेत, छापील बाजू आत. छापील बाजूला ऊन लागलं की रंग महिन्या-दोन महिन्यांत उडतो. आत असली की टिकतो. गिऱ्हाईक बोंबलाचा भाव करता करता वर बघतं आणि विचारतं, कोण वारलं? मग काकी पहिल्यापासून सांगतात. भाव मात्र कमी करत नाहीत.

दुकानात मी एक सुधारणा केली. ऑर्डरच्या कागदावर, नाव आणि साइजच्या खाली, एक प्रश्न वाढवला: 'फोटोतली व्यक्ती हयात आहे का?' राजेश आता सगळ्यांना तो विचारतो. नेत्यांनाही.