गप्प बसण्याचा पर्याय

माझा मेव्हणा चष्म्याच्या दुकानात काचा घासतो. लोकांना स्पष्ट दिसावं ही त्याची नोकरी आणि स्वतःला काही दिसू नये हा त्याचा छंद. घरी आला की व्हिज्युअल नॉव्हेल नावाचा खेळ: पडद्यावर चित्र, खाली संवाद, मध्येच दोन-तीन पर्याय, निवडाल तसा शेवट. त्याच कथेवर ॲनिमे, म्हणजे जपानी कार्टून मालिका निघाली की हा वही घेऊन बसतो आणि काय काय कापलं त्याची यादी करतो. अकरा वर्षांत एकाही मालिकेला त्याने पास केलेलं नव्हतं.

बायकांचेही त्याने या खेळांतलेच साचे ठरवलेत. बालमैत्रीण, अबोल, वरून तिखट-आतून गोड. माझी बायको, म्हणजे त्याची सख्खी बहीण, कुठल्या साच्यात बसते विचारलं, तर म्हणाला, खलनायिका. हे मी घरात बोललेलो नाही. मला दोन वेळा जेवायचं असतं.

दुकानात डोळे तपासणारी एक मुलगी होती. काच चुकली की ती याला सगळ्यांदेखत झापायची. हा खूश, तिखट साचा मिळाला म्हणून. तिला तो खरोखर आवडायचा, कारण चूक दाखवली की वाद न घालता काच पुन्हा घासायचा. हे तिने माझ्या बायकोला सांगितलं होतं. आम्ही वाटच बघत होतो.

मग तिला लांबच्या शाखेत बढती मिळाली. होकार कळवायच्या शेवटच्या दिवशी ती त्याच्या यंत्रापाशी आली.

"तू म्हणालास तर नाही जाणार. जाऊ का?"

आता याच्या लाडक्या खेळात नेमका हाच प्रसंग आहे. तिथे नायक गप्प बसतो आणि ती आपणहून परत येते. मालिकेत मात्र तो "जाऊ नकोस" म्हणून मोकळा होतो. या एका बदलावर मेव्हण्याने आमची तीन जेवणं नासवली होती. आंधळा मागतो एक डोळा, देव देतो दोन. या शहाण्याने दोन्ही मिटले आणि मूग गिळून बसला. यंत्र थांबेपर्यंत ती उभी राहिली. मग "बरं" म्हणाली आणि गेली.

सहा महिने हा तिची वाट बघत होता. ती आली, स्वतःच्या लग्नाचं सांगायला. मला त्याचा संताप आला आणि वाईटही फार वाटलं.

त्या आठवड्यात त्याने जन्मात पहिल्यांदा हार मानली. मालिकेतलाच शेवट बरोबर होता, अशी चौदाशे शब्दांची समीक्षा लिहून अनोळखी लोकांना वाचायला इंटरनेटवर टाकली. तिला तो "अभिनंदन" एवढंच म्हणाला होता.